तारेच्या कुंपणापासून ‘सैराट’पर्यंत

सोलापुरात रिक्षात बसून ‘सेटलमेंट’ म्हटले की रिक्षावाला पुढे काही विचारत नाही. ‘सेटलमेंट फ्री कॉलनी’ हा आज शहरातला साधा पत्ता आहे. लाइट बिलावर येतो, शाळेच्या दाखल्यावर येतो. या पत्त्याच्या मागे एक कायदा उभा आहे. इंग्रज सरकारने १८७१ साली गुन्हेगार जमाती कायदा आणला आणि १९११ साली त्याची व्याप्ती देशभर नेली. काही जातींत जन्माला येणे हाच त्या कायद्याने गुन्हा ठरवला. चोरी केली की नाही, कुणाला इजा केली की नाही, हा प्रश्न नंतरचा. आधी नाव नोंदवायचे, बोटांचे ठसे द्यायचे, ठरल्या वेळी हजेरी लावायची आणि परवान्याशिवाय हद्द सोडायची नाही. मुंबई इलाख्यात अशा लोकांसाठी तारेच्या कुंपणात ‘सेटलमेंट’ नावाच्या वसाहती उभ्या राहिल्या. विजापूर, हुबळी, बारामती अशा ठिकाणी त्या होत्या, आणि सोलापुरातही होती. इथल्या कापड गिरण्यांना मजूर हवे होते, आणि ज्यांना कुठे जाता येत नाही असे मजूर कुंपणाआड आयते सापडत होते. हा कायदा देशभरात ३१ ऑगस्ट १९५२ रोजी रद्द झाला. स्वातंत्र्य मिळून पाच वर्षे उलटल्यावर.

याच शहराने त्याच्या आधी आणखी एक गोष्ट पाहिली होती. १९३० च्या मे महिन्यात सोलापुरात लष्करी कायदा लागू झाला. पोलिसांच्या खुनाच्या आरोपावरून मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकिसन सारडा यांना १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यात फाशी देण्यात आली. कोर्टाच्या कागदावर ते खुनी होते. सोलापूरकरांनी त्यांना हुतात्मा म्हटले, भर चौकात त्यांचे पुतळे उभे केले, आणि आज शहरातला प्रत्येक मोर्चा तिथे हार घालून पुढे सरकतो. गुन्हेगार कोण हे सरकार ठरवते, पण सरकारने ठरवलेले सगळेच खरे मानायचे नसते, हे या शहराला कुणी पुस्तकातून शिकवायची गरज नाही.

हा सगळा इतिहास मांडण्याचे कारण नागराज मंजुळे. करमाळा तालुक्यातल्या जेऊरचा हा मुलगा वडार समाजातला. महाराष्ट्राच्या विमुक्त जातींच्या यादीत जी चौदा नावे आहेत, त्यांत वडार हे एक आहे. गुन्हेगार म्हणून शिक्का बसलेल्यांची पुढच्या काळातली सरकारी ओळख म्हणजे ही यादी. मंजुळे यांच्याविषयी आजवर पुष्कळ लिहिले गेले: प्रेमकथाकार म्हणून, जातीवर बोलणारा दिग्दर्शक म्हणून, तिकीटबारीचे विक्रम मोडणारा माणूस म्हणून. गुन्ह्याचा सिनेमा लिहिणारा आणि करणारा म्हणून त्यांची गणना सहसा होत नाही. माझे मत स्पष्ट आहे. मराठीत गुन्ह्याचा सर्वांत गंभीर विचार करणारा लेखक-दिग्दर्शक तोच आहे, आणि त्याच्या कारकिर्दीचा अर्थ लावायचा तर सेटलमेंटच्या तारेपासून सुरुवात करावी लागते. त्याच्या बहुतेक चित्रपटांत एक गुन्हा असतो, आणि त्या गुन्ह्याची नोंद कुणाच्या नावावर होते व कुणाच्या नावावर होतच नाही, याचा हिशेब असतो.

मराठी सिनेमाचा गुन्ह्याशी संबंध जुना आहे. बाबूराव पेंटरांनी १९२५ साली ‘सावकारी पाश’ केला. नारायण हरी आपटे यांची कथा, तरुण शेतकऱ्याच्या भूमिकेत व्ही. शांताराम. खोट्या कागदावर शेतकऱ्याची जमीन जाते आणि तो शहरात गिरणी कामगार होतो. मूकपटाच्या काळात, शंभर वर्षांपूर्वी, एका मराठी दिग्दर्शकाने दाखवून दिले होते की मोठी चोरी रात्री भिंत फोडून होत नाही. ती दिवसाढवळ्या, अंगठा घेऊन, स्टॅम्पपेपरवर होते. सोलापूरसारख्या गिरणगावात आलेल्या कित्येक कुटुंबांची कथा हीच होती.

पुढे शांतारामांनीच १९५७ साली ‘दो आँखें बारह हाथ’ केला. भाषा हिंदी असली तरी लेखणी ग. दि. माडगूळकरांची, म्हणजे माणदेशाची. सांगोल्याच्या शेजारच्या आटपाडी तालुक्यात, तेव्हाच्या औंध संस्थानात, स्वतंत्रपूरची खुली वसाहत सुरू झाली होती. खुनाच्या गुन्ह्यातले कैदी तिथे बेड्यांशिवाय शेती करत. चित्रपटातले सहा खुनी आणि त्यांच्यावर विश्वास टाकणारा जेलर त्या प्रयोगातून आले. एकीकडे सोलापुरात निरपराध माणसे तारेआड होती आणि शे-सव्वाशे किलोमीटरच्या आतच शिक्षा झालेले खुनी उघड्या माळावर ज्वारी पिकवत होते. एकाच मुलखात, एकाच पिढीच्या आगेमागे, माणसाकडे पाहण्याच्या या दोन नजरा होत्या. चित्रपटाला बर्लिनमध्ये रौप्य अस्वल मिळाले, पण ज्या माळावर तो जन्मला त्याची आठवण आपण फारशी ठेवली नाही.

रहस्यपटांची वाट वेगळी होती. राजा परांजपे यांचा ‘पाठलाग’ १९६४ चा. जयंत देवकुळे यांच्या कादंबरीवरचा हा चित्रपट इतका बांधेसूद होता की दोन वर्षांत त्यावरून हिंदीत ‘मेरा साया’ निघाला. अशा चित्रपटांत प्रेक्षकाला एकच गोष्ट कळून घ्यायची असते: कुणी केले? उत्तर मिळाले, पडदा पडला, माणूस समाधानाने घरी गेला. बाबूराव अर्नाळकरांच्या रहस्यकथांवर पोसलेला मराठी वाचक या खेळात तरबेज होता. त्या खेळाला मी कमी लेखत नाही. कथा घट्ट बांधण्याची कला मराठी सिनेमाने तिथेच शिकली.

‘कुणी केले’ हा प्रश्न मागे पडला तो १९७५ साली, ‘सामना’त. हा बदलही पुन्हा सोलापूरकडचाच माणूस घेऊन आला. डॉ. जब्बार पटेल पंढरपूरला जन्मले, सोलापुरात शिकले आणि नाटकाचे वेडही त्यांना तिथेच लागले. ‘सामना’ त्यांचा पहिला चित्रपट, पटकथा विजय तेंडुलकरांची, निर्माते जामखेडचे रामदास फुटाणे. साखर कारखान्याच्या जोरावर गाव मुठीत ठेवणारा हिंदुराव धोंडे पाटील आणि गावात उतरलेला दारुडा, जुना गांधीवादी मास्तर. निळू फुले आणि श्रीराम लागू. मारुती कांबळेचे काय झाले, एवढाच प्रश्न मास्तर विचारत राहतो. मारुतीचा घात कुणी केला हे प्रेक्षकाला लवकरच कळून चुकते. गावाला तर ते पहिल्यापासून माहीत असते. चित्रपटाचा विषय खून नाहीच. खून माहीत असूनही रोज कारखान्याच्या गेटातून आतबाहेर करणारे गाव हा त्याचा विषय आहे. बर्लिन महोत्सवाच्या स्पर्धेत तो निवडला गेला, तेव्हा परदेशी परीक्षकांना साखर कारखाना, सोसायटी, पंचायत यांची गुंतागुंत किती कळली असेल कोण जाणे. पण माळशिरस-माढ्यातल्या माणसाला ती सांगावी लागली नाही.

तेंडुलकरांना याच काळात हिंसेच्या अभ्यासासाठी नेहरू शिष्यवृत्ती मिळाली होती. ‘आक्रोश’ (१९८०) आणि ‘अर्धसत्य’ (१९८३) या गोविंद निहलानींच्या चित्रपटांच्या पटकथा त्यांच्याच. ‘आक्रोश’मधला लहान्या भिकू बायकोच्या खुनाचा आरोपी असतो आणि स्वतःच्या वकिलाशीही बोलत नाही. ‘अर्धसत्य’ श्री. दा. पानवलकरांच्या कथेवरचा, त्यात इन्स्पेक्टरच गुन्हेगार होत जातो. या तिन्ही पटकथा शेजारी ठेवल्या की एक मराठी परंपरा दिसते. तिला गुन्ह्यापेक्षा गुन्ह्याभोवतीचे मौन महत्त्वाचे वाटते. पण तिची एक मर्यादाही होती. ‘सामना’त मारुती कांबळे हा प्रश्न आहे, विचारणारा मास्तर आहे. लहान्या मुका आहे. त्याच्या वतीने वकील बोलतो. ज्याच्यावर अन्याय झाला तो माणूस पडद्यावर असतो, पण कॅमेरा दुसऱ्या कुणाच्या खांद्यावर असतो. या लेखकांच्या हेतूवर बोट ठेवण्याचे काही कारण नाही. पण तो खांदा बदलायला आणखी तीसेक वर्षे जावी लागली, ही वस्तुस्थिती आहे.

दहावीत एकदा आपटलेला, शाळा बुडवून व्हिडिओवर सिनेमे पाहणारा जेऊरचा मुलगा पुढे पुण्यात मराठीत एम. ए. झाला आणि मग अहमदनगरच्या न्यू आर्ट्स महाविद्यालयात संज्ञापन शिकायला गेला. तिथे शिकत असताना त्याने ‘पिस्तुल्या’ हा लघुपट केला. शाळेत जायची ओढ असलेला आणि चोरी करायला लावला जाणारा एक पोरगा, एवढीच कथा. पण सेटलमेंटचा इतिहास डोळ्यांपुढे ठेवून ती पाहावी. कायदा १९५२ साली गेला, पोलिसांच्या आणि गावाच्या नजरेतला शिक्का मात्र गेला नाही. गावात काही हरवले की संशयाचे बोट पहिल्यांदा कुठल्या पालाकडे वळते, हे कुठल्याही पोलीस पाटलाला विचारावे. ‘पिस्तुल्या’ने त्या पोराला चोर म्हणून दाखवले नाही, आणि निष्पाप देवदूत म्हणूनही दाखवले नाही. त्याच्यापुढे किती दारे उघडी होती आणि किती बंद, एवढेच दाखवले. या लघुपटाला पदार्पणातल्या दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

पिस्तुल्या झालेल्या सूरज पवारचे पुढे काय झाले, ते पाहण्यासारखे आहे. ‘फँड्री’त तो नायक जब्याचा दोस्त पिऱ्या झाला. आणि ‘सैराट’मध्ये? ‘सैराट’मध्ये तो प्रिन्स झाला: पाटलाचा मुलगा, नायिका आर्चीचा भाऊ, शेवटी बहिणीच्या घरी माणसे घेऊन येणारा. ज्या चेहऱ्याकडे आपण चोर म्हणून बघितले असते, त्याच चेहऱ्याला मंजुळे यांनी सत्ता दिली, गाडी दिली, आडनाव दिले आणि मग खून करायला पाठवले. दिग्दर्शकाच्या मनात तुलना होती की नाही, हे तोच सांगू शकेल. पण दोन्ही चित्रपट लागोपाठ पाहणाऱ्याला ती टाळता येत नाही. गुन्हेगारी चेहऱ्यात नसते, रक्तात नसते. १८७१ च्या कायद्याला याहून सरळ उत्तर मराठी पडद्यावर कुणी दिलेले नाही.

‘फँड्री’ १४ फेब्रुवारी २०१४ रोजी प्रदर्शित झाला. या चित्रपटात पोलीस ठाण्याची पायरी कुणी चढत नाही, एकही एफआयआर दाखल होत नाही. पण एखाद्या वकिलाला तो दाखवावा आणि कलमे मोजायला सांगावीत. राज्यघटनेच्या सतराव्या कलमाने अस्पृश्यता रद्द केली, १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याने अनुसूचित जाती-जमातींच्या माणसाचा चारचौघांत जातीवरून अपमान करणे हा गुन्हा ठरवला. ‘फँड्री’तले गाव असाच अपमान हसत हसत, टाळ्या देत, सामूहिकपणे करते. डुक्कर पकडायला अख्खे कैकाडी कुटुंब धावते आहे, गाव कडेला बसून मजा बघते आहे. मध्येच शेजारच्या शाळेतून राष्ट्रगीत सुरू होते. जब्या जागच्या जागी उभा राहतो, त्याच्यामागे घरचे एकेक करून थांबतात, आणि हाताशी आलेले डुक्कर निसटते. ज्यांना देशाने सगळ्यांत कमी दिले, ती माणसे देशासाठी पोटाचे काम सोडून ताठ उभी आहेत. पुढे मेलेले डुक्कर काठीला बांधून न्यायचे तेव्हा मागच्या शाळेच्या भिंतीवर आंबेडकर, फुले, सावित्रीबाई, गाडगेबाबा यांची चित्रे दिसतात. किशोर कदम यांनी उभा केलेला जब्याचा बाप कचरू माने खाली मान घालून चालतो. शेवटी जब्या दगड उचलतो. कायद्याच्या दृष्टीने या संपूर्ण चित्रपटात पकडता येण्यासारखा ‘हल्ला’ तेवढाच, आणि तो दगड थेट प्रेक्षकाच्या अंगावर येतो. साक्षीदार म्हणून आपण बसलो होतो. आरोपी म्हणून उठतो.

आता ‘सैराट’. २९ एप्रिल २०१६ ला आलेल्या या चित्रपटाने मराठीत पहिल्यांदा शंभर कोटींचा गल्ला ओलांडला. आर्ची झालेली अकलूजची रिंकू राजगुरू आणि परशा झालेला करमाळ्याकडचा आकाश ठोसर घराघरांत पोहोचले. अजय-अतुलची गाणी वरातीत वाजली आणि अजूनही वाजतात. याच गर्दीत एक गोष्ट झाकली गेली: ‘सैराट’ हा अतिशय काळजीपूर्वक रचलेला गुन्हेपट आहे. शेवटच्या दहा मिनिटांत तो अचानक तसा होतो, असे अनेकांनी लिहिले. ते मला पटत नाही. त्याची रचना पहिल्या तासापासूनच तशी आहे.

वर्गातला तो प्रसंग आठवावा. लोखंडे सर कविता शिकवत आहेत. प्रिन्स वर्गात येतो, फोनवर बोलत राहतो. सर विचारतात, कोण तू? उत्तरादाखल प्रिन्स त्यांच्या कानाखाली वाजवतो. एक शिक्षक, भरवर्गात, सगळ्या मुलांदेखत मार खातो. महाविद्यालय तक्रार करत नाही. उलट त्या शिक्षकानेच या घराची ओळख करून घ्यायची असते, अशी तिथली रीत. प्रेक्षागृहात या प्रसंगाला हशा येतो, तो मी स्वतः ऐकला आहे. त्या हशातच शेवटच्या खुनाची परवानगी आहे. पहिल्या थपडेची नोंद झाली नाही म्हणून शेवटच्या सुऱ्यापर्यंत हात पोहोचतो.

मग पोलीस ठाण्यातला प्रसंग. पळून जाताना पोरे सापडतात आणि परशा व त्याच्या मित्रांवर सामूहिक बलात्काराची तक्रार लिहिली जाते. आर्चीच्या वडिलांच्या एका शब्दावर कायद्याचे सर्वांत भारी कलम मासेमारी करणाऱ्या घरातल्या पोरावर लागते. आर्ची ठाण्यातच आवाज चढवते आणि ती तक्रार मागे घ्यायला लावते. दोन प्रसंग शेजारी ठेवले की हिशेब पुरा होतो: जो गुन्हा झाला त्याची नोंद नाही, जो झालाच नाही त्याचा कागद तयार. सेटलमेंटचे रजिस्टर याच तत्त्वावर चालत होते.

आणि शेवट. हैदराबाद, स्वतःच्या कमाईचा संसार, दारात रांगोळी. माहेरची माणसे आईने दिलेल्या वस्तू घेऊन येतात. आर्ची चहा टाकते. पाहुण्यांशी काय बोलावे या संकोचात परशा उभा आहे. शेजारीण मुलाला फिरवायला बाहेर घेऊन गेली आहे. खून आपल्याला दाखवला जात नाही. मूल परत येते, दार उघडे आहे, ते आत जाते, रडत बाहेर येते, आणि फरशीवर त्याच्या पावलांचे लाल ठसे उमटत जातात. आवाज नाही. तीन तास गाण्यांनी भरलेल्या चित्रपटाने संगीतच काढून घेतलेले असते. इथे इन्स्पेक्टर येत नाही, तपास होत नाही, शिक्षा होत नाही. खुनी कोण ते आपल्याला पूर्ण माहीत आहे, त्यांना दिलेला चहा अजून गरम आहे. ‘सामना’त गावाला माहीत होते, इथे अख्ख्या महाराष्ट्राला माहीत झाले.

करमाळ्याच्या शेजारी दोन तालुके आहेत, जामखेड आणि कर्जत. जामखेडमधल्या खर्डा इथे २८ एप्रिल २०१४ रोजी एका सतरा वर्षांच्या दलित मुलाचा खून झाला. वरच्या जातीतल्या मुलीशी बोलतो, या रागातून त्याला मारले गेल्याचा आरोप होता. कर्जतमधल्या कोपर्डीत १३ जुलै २०१६ रोजी एका शाळकरी मुलीवर बलात्कार करून तिचा खून झाला, आणि लाखोंचे मूक मोर्चे निघाले. तेव्हा काहींनी ‘सैराट’लाच दोष दिला: पोरे बिघडली ती या सिनेमाने. दोन्ही खटल्यांचा निकाल अहमदनगरच्या न्यायालयात एकाच महिन्यात लागला, नोव्हेंबर २०१७ मध्ये. कोपर्डीच्या आरोपींना सत्र न्यायालयाने फाशी सुनावली. त्या मुलीला न्याय मिळायलाच हवा होता. खर्ड्याच्या खटल्यात साक्षीदार फितूर झाले आणि आरोपी निर्दोष सुटले. खून झाला, हे तर कुणी नाकारत नाही. तो कुणी केला, हे मात्र कायद्याला सापडले नाही. दोन लेकरांच्या दुःखाची तुलना करणे पाप आहे आणि ती मी करत नाही. साक्षीदारांची तुलना करतो आहे. एका गावात माणसे बोलली, दुसऱ्या गावात त्यांची जीभ टाळ्याला चिकटली. सिनेमाने पोरे बिघडतात की नाही यावर वाद घालणाऱ्यांनी आधी हे सांगावे की साक्षीदार कशाने बिघडतात. परजातीत लग्न करणाऱ्या जोडप्यांना संरक्षण देण्याचे निर्देश सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१८ मध्ये दिले. निर्देश आहेत. गावात ते कुणाला माहीत आहेत, हा खरा प्रश्न.

‘सैराट’ची रूपांतरे झाली: कन्नड, पंजाबी, बंगाली, ओडिया आणि हिंदी. हिंदी ‘धडक’ने (२०१८) उदयपूरचे महाल दाखवले आणि जात जवळजवळ पुसून टाकली. शेवटचा धक्का तेवढा ठेवला. पण हेतूच काढून घेतल्यावर उरलेला खून म्हणजे नुसता अपघात. गुन्हेपटात हेतू हाच कणा असतो, आणि करमाळ्याच्या मातीत हेतूचे नाव जात आहे. ते नाव घ्यायला ज्यांची जीभ अडखळते त्यांना ही कथा सांगता येत नाही, असे माझे मत आहे.

त्यानंतरची मंजुळे यांची वाटचाल सरळ चढती नाही. ‘झुंड’ (२०२२) नागपुरात घडतो, विजय बारसे यांच्या झोपडपट्टी फुटबॉलवरून सुचलेला. अमिताभ बच्चन असूनही चित्रपट त्या पोरांचाच राहतो. पोलीस केस अंगावर असलेल्या मुलाला पासपोर्ट मिळवताना काय करावे लागते, तो भाग मला पूर्ण चित्रपटाहून मोलाचा वाटतो. हजेरी आणि परवाना यांचे ते आजचे रूप आहे. ‘घर बंदूक बिरयानी’ (२०२३) हेमंत अवताडे यांनी दिग्दर्शित केला, लेखनात मंजुळे होते आणि पोलीस अधिकाऱ्याची भूमिकाही त्यांचीच. हा त्यांच्या कामातला दुबळा चित्रपट आहे. जंगल, बंदुका, स्वयंपाकी, विनोद असे सगळे आहे, पण गुन्ह्याची नोंद कोण करतो हा त्यांचा नेहमीचा प्रश्न धुरळ्यात हरवतो. खाकी अंगावर चढली आणि नजर निवळली, असे वाटून गेले. ज्याच्याकडून ‘फँड्री’ची अपेक्षा आहे त्याला हे स्पष्ट सांगायला हवे.

सोलापूर जिल्ह्याला आपल्या या लेखक-दिग्दर्शकाचा अभिमान आहे. सत्कार झाले, फलक लागले. पण त्याच्या सिनेमाचे मूळ जिथे आहे, त्या सेटलमेंटचे आपण काय केले? तिथली हजेरीची रजिस्टरे, परवाने, गिरण्यांशी झालेले करार, वसाहतीतल्या शाळांचे कागद कुठे आहेत, कुठल्या कपाटात वाळवी खात आहेत? तारेच्या आत जन्मलेली जी माणसे १९५२ साली कळत्या वयाची होती, ती आज ऐंशीच्या पुढे आहेत. पुण्यश्लोक अहिल्यादेवी होळकर सोलापूर विद्यापीठाने आपल्या विद्यार्थ्यांना टेपरेकॉर्डर किंवा साधा मोबाइल हाती देऊन या वर्षीच सेटलमेंटच्या घराघरांत पाठवावे. महापालिकेने त्या वसाहतीच्या इतिहासासाठी एक खोली द्यावी, जिल्हा प्रशासनाने जुनी दफ्तरे उघडावीत. वाचकांपैकी कुणाच्या घरात तो परवाना, तो दाखला, हजेरीची ती चिठ्ठी असेल, तर ती रद्दीत घालू नका. तिच्यावरची नावे घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारून लिहून ठेवा.